आत काढलेल्या चपला

मंगळवार, संध्याकाळ. कोथरूड.

आजही त्या बाईंनी चपला दाराच्या आतच काढल्या. सगळं जग बाहेर काढतं. माझी सई चिडली की ताटं फेकते, स्वतःला चावते, म्हणून मुलांच्या समुपदेशन संस्थेकडून या बाई दर मंगळवारी घरी येतात. तासभर तिच्याशी बोलतात आणि वहीत काहीतरी लिहितात. काय लिहीत असतील? माझ्याबद्दल? आणि चपला आत कशासाठी? पोरगी अंगावर आली तर पळायला सोयीचं म्हणून?

आज न राहवून विचारलंच. "अहो, चपलांना बाहेर स्टँड आहे. आमच्या सोसायटीत चोऱ्या होत नाहीत."

बाई ओशाळल्या. "सईनंच सांगितलंय, आत काढत जा म्हणून."

सई खिडकीशी बसली होती. अकरा वर्षांची पोर. मान न वळवता म्हणाली, "बाहेर दिसल्या की समोरच्या काकू विचारतात, कोण आलंय. मग तुला खोटं बोलावं लागतं."

शिकवणीच्या बाई येतात, असं सांगते मी काकूंना. तेही दार ओढून घेऊन, सईला ऐकू जाऊ नये म्हणून.

आता वहीत काय लिहिलंय, ते विचारायची माझी हिंमत नाही.