चेस्टनट रस्त्यावरील एकवीस खांबांविषयी

मी, लिओना व्हेरोनिका युर्कोनिस, वय सत्तर, अविवाहित, हार्कनेस गॅप नगराच्या विद्युत विभागाची निवृत्त अभियंता, माझ्या पश्चात काय व्हावे हे येथे लिहून ठेवते. हृदय थकले आहे, बुद्धी नाही. डॉक्टरांनी दोन्हींची खात्री दिली, पैकी दुसरीविषयी मी त्यांना विचारले नव्हते. माझ्यावर कोणाचेही दडपण नाही. यापूर्वीची मृत्युपत्रे रद्द समजावीत.

१. राहते घर व बँकेतील शिल्लक माझी भाची रूथ हिला. मृत्युपत्राची अंमलबजावणीही तिनेच करावी. ओव्हनचे दार लागत नाही, ही तिची तक्रार चुकीची आहे. दार शेवटी किंचित उचलावे लागते.

२. मोजणीची सर्व उपकरणे जिल्ह्याच्या तंत्रशाळेस. जो विद्यार्थी ती न पुसता पेटीत ठेवील, त्याच्या हाती ती पुन्हा देऊ नयेत.

३. वकील क्लेमेंट बॉइल यांना काहीही नाही. खाली सांगितलेल्या खटल्यात ते नगराच्या बाजूने उभे होते. निकालानंतर त्यांनी माझी पाठ थोपटली. ती थाप मी विसरलेले नाही.

४. सन १९७४ मध्ये नगराने स्टीफन ह्रिव्नाक यांच्यावर दावा लावला. डोंगराआडच्या या गावात दूरचित्रवाणी त्यांच्याच केबलमुळे दिसे आणि ती केबल नगराच्या विजेच्या खांबांवरून जाई. वरची विजेची तार आणि तिच्याखालची केबल यांत चाळीस इंच अंतर हवे. चेस्टनट रस्त्यावरील एकवीस खांबांवर ते सव्वीस भरले. ह्रिव्नाक यांनी केबल वर सरकवली, अशी साक्ष मी शपथेवर दिली. ते जागेवरून ओरडले, "बाई, माझी केबल वर गेली की तुमची तार खाली आली, ते बघा ना आधी!" न्यायाधीशांनी त्यांना गप्प केले. लोक हसले, मीही हसले.

तीस दिवसांत सगळी केबल उतरवण्याचा हुकूम झाला. ती त्यांनी स्वतः शिडी लावून उतरवली. खालून लोक त्यांना लबाड म्हणत होते.

१९७९ मध्ये माझ्याच कपाटात १९६८ चा आराखडा सापडला. रस्त्यावरील दिव्यांसाठी आम्हीच नवी तार खाली, त्यांच्या केबलजवळ ओढली होती. आराखड्यावर सही माझी आहे. साक्षीपूर्वी जुने आराखडे तपासण्याची मला गरज वाटली नाही, कारण माझ्या कामात चूक असू शकते हे मी धरलेच नव्हते. सापडल्यावर सतरा वर्षे गप्प राहिले, ती मात्र चूक नव्हे. ते मी जाणूनबुजून केले.

५. मृत्यूनंतर मृत्युपत्र नोंदणी कचेरीत कोणालाही वाचता येते, म्हणून हा कबुलीजबाब येथे आहे. श्री. ह्रिव्नाक यांना मी काही ठेवलेले नाही. ज्याला काही मिळते त्याने साक्षीदार होऊ नये आणि मला साक्षीदार तेच हवे आहेत.

६. हे कलम आज जोडले. साक्षीदाराच्या सहीसाठी मी बोलावल्यावरून रविवारी श्री. ह्रिव्नाक घरी आले. खुर्ची नाकारून त्यांनी सर्व उभ्याने वाचले.

"म्हणजे मेल्यावर खरं बोलणार?"

"कायद्याने ते तेव्हाच उघड होतं," मी म्हणाले.

"मी ब्याऐंशीचा आहे, बाई. तुमच्या आधी मीच जायचो. मग मला हे कोण वाचून दाखवणार, पाद्री? उद्या नगरपरिषद भरतेय. तिथे वाचा, मग सही."

काल मी चौथे कलम सभागृहात वाचले, आराखडा भिंतीवर लावून. सतरा माणसे होती. अध्यक्ष म्हणाले, "झालं गेलं ते आता कशाला उकरायचं, लिओना?" मी पुन्हा पहिल्या वाक्यापासून वाचले. श्री. ह्रिव्नाक शेवटच्या रांगेत टोपी मांडीवर ठेवून बसले होते. संपल्यावर त्यांनी टोपी घातली आणि माझ्याकडे न पाहता निघून गेले.

आज सकाळी नऊला ते सहीसाठी आले.

ठिकाण: हार्कनेस गॅप, पेनसिल्व्हेनिया
मंगळवार, १२ मार्च १९९६

(सही) लिओना व्ही. युर्कोनिस

साक्षीदार:
(सही) डोरिस मॅग्वायर, औषधविक्रेत्या
(सही) स्टीफन ह्रिव्नाक. वाचले आणि ऐकले. माफ केलेले नाही.