रिकाम्या जागेत माझं नाव

कार्ल्सरूहे, ३० मार्च

अण्णा बोलले! चाळीस वर्षं गप्प बसलेला माझा बाप आज मुक्ताच्या रेकॉर्डरसमोर बोलला. मुक्ता इथल्या विद्यापीठात लोकगीतांवर काम करते. अण्णा जालन्याहून तीनच आठवड्यांसाठी आलेत, म्हणून रोज येते. अण्णांच्या गाण्यांच्या वह्या वाळवीनं खाल्ल्या. उरलंय ते फक्त अण्णांच्या डोक्यात.

आज पाच गाणी सांगितली. पाचही दुसऱ्यांच्या नावावर गाजलेली. एसटीच्या वर्कशॉपमधून आले की अण्णा लिहायला बसायचे. शेवटच्या कडव्यात कवीचं नाव येतं, तेवढी जागा रिकामी ठेवायचे. गायन पार्टीवाला यायचा, आपलं नाव बसवून गाणं घेऊन जायचा.

"ही चोरी आहे," मी म्हणाले. "नावानिशी छापायला हवं!"

अण्णा हसले. "भाषण आवर. चहा टाक."

२ एप्रिल

अवनी शाळेतून आली की आजोबांना चिकटते. माझ्या लेकीला मराठी कळतं, बोलत नाही. "ओपा, नोखमाल!" मग अण्णा पुन्हा गातात. "वन्समोअरला नोखमाल म्हणतात होय!"

बारा गाणी झाली. एक अजून आलेलं नाही. रोज धाकधूक.

५ एप्रिल

लिहूनच टाकते. इथे तरी.

बावीस वर्षांची होते. नांदेडची परिषद. भाषण जोरात झालं, आणि शेवटी मी अण्णांचं गाणं म्हटलं — 'आई, तुझ्या भेगाळल्या टाचा, माझी पहिली पाटी.' शेवटचं कडवं आलं. रिकामी जागा आली. समोर हजार माणसं. 'दादाराव म्हणे' म्हणता आलं असतं. अण्णांचं नाव चालीत बसत होतं!

मी म्हटलं, 'प्राची म्हणे.'

अण्णा शेवटच्या रांगेत होते. टाळ्या वाजवत होते.

त्या एका गाण्यावर मी कवयित्री झाले. परिषदेच्या पुस्तिकेत ते माझ्या नावानं छापलं गेलं. इथेही प्रत्येक मंचावर तीच ओळख. आणि मंचावरून मी काय गर्जते? कष्ट एकाचे आणि नाव दुसऱ्याचं, हे चालू देणार नाही!

९ एप्रिल

आज सांगायचंच ठरवलं होतं. अण्णा बाल्कनीत रिकाम्या बाटल्या दुकानात परत द्यायला वेगळ्या करत होते.

"अण्णा, ते टाचांचं गाणं —"

"हां. छान म्हणतेस तू ते. या प्लास्टिकच्या इकडे ना?"

"हो," मी म्हणाले. एवढंच! मी, जिला माईक दिला की काढून घ्यावा लागतो.

१२ एप्रिल

भीमजयंतीचा कार्यक्रम, ब्युर्गरहाऊस या इथल्या सार्वजनिक सभागृहात. सूत्रसंचालन इथल्या मंडळातल्या उज्ज्वलचं — "आपल्या लाडक्या कवयित्री प्राचीताई!" चाळीस मिनिटं बोलले. सगळं अण्णांवर. कुठलं गाणं कुणी लाटलं, नावं घेऊन सांगितलं. एक सोडून. सभागृह उभं राहिलं. मुक्ता डोळे पुसत होती.

ट्राममध्ये अण्णा म्हणाले, "त्या लोकांना एवढं बोलायला नको होतं. त्यांचे गळे होते म्हणून गाणी गावोगाव गेली. मी गायलो असतो तर मंडपवालासुद्धा उठून गेला असता."

दोन स्टॉप गेले.

"आणि जागा मीच रिकामी ठेवत होतो ना."

खिडकीबाहेर बघत होते. सत्काराची शाल मांडीवर घडी करून ठेवलेली.

१८ एप्रिल

फ्रँकफुर्टला जाऊन अण्णांना विमानात बसवून आले. सांगितलं नाही. आज नाही, मग कधी? पुढच्या वर्षी त्यांना ऐंशी पूर्ण.

१९ एप्रिल

मुक्तानं रेकॉर्डिंगचा मजकूर पाठवला. एकतीस गाणी. सगळी अण्णांच्या नावावर. शेवटच्या पानावर —

मुक्ता : टाचांचं गाणं तुमचंच का? चाल तुमच्यासारखी वाटते.

दादाराव : नाही. ते पोरीचं. तिनं लिहिलं, मी फक्त चाल लावली. लिहून घ्या बाई, हे चुकायला नको.

खाली मोडक्या अक्षरात अण्णांची सही. तारीख १० एप्रिल. माझ्या भाषणाच्या दोन दिवस आधी.

माझा बाप आयुष्यात पहिल्यांदा खरं सांगायला बसला, आणि माझ्यासाठी खोटं बोलला.

२० एप्रिल

मुक्ताला फोन केला. सगळं सांगितलं — नांदेड, रिकामी जागा, सगळं. ती हसली.

"ताई, वडिलांना मोठं करायला तुम्ही काहीही बोलाल!"