हात सोडण्याचा नियम

आप्पा,

वर ‘तीर्थरूप’ लिहून खोडलं आहे.

माझ्या पदकाचे फ्लेक्स तुम्ही खराडीभर लावलेत. त्यात तुमचा फोटो माझ्याहून मोठा आहे. छान आलाय. आता पदक कसं मिळालं तेही ऐका.

बालेवाडीच्या त्या आंतरराष्ट्रीय ज्युदो स्पर्धेत फायनलला उझबेकिस्तानची मुलगी होती. तिनं मला तोंडावर आपटलं, ओठ फाटला. मग तिचा हात माझ्या मांड्यांत सापडला. मी कोपर उलटं ओढलं, तशी ती किंचाळली. तिनं मॅटवर दोनदा तळहात आपटला आणि मी लगेच सोडलं. ज्युदोत त्याचा अर्थ, हरले, सोड.

ज्युदो शिकायला गेले त्या पहिल्या दिवशी सरांनी हा नियम सांगितला, तेव्हा मी विचारलं होतं, “खरंच सोडतात?” सगळे हसले. तुम्ही आईचा हात पिरगाळला होतात, तेव्हा तीही फरशीवर तळहात आपटत होती. तुम्ही मोडल्यावरच सोडलात.

आई आता कोथरूडला माझ्याकडे असते. सत्काराचा हार घेऊन तिला न्यायला येणार आहात म्हणे. या. हे पत्र पोस्टात टाकत नाही, दारातच वाचून दाखवीन. मग तुमचा हात धरीन. तुम्ही फरशीवर तळहात आपटा. सोडायचं की नाही, ते आई सांगेल.

मथुराबाईंची मुलगी,
तेजल