करंगळीची शाई

१९ ऑक्टोबर, गुरुवार

ती. दादा,

नमस्कार. आम्ही इथे बरे आहोत. मुलाला गोदामात कायम केलं. ह्यांचा खोकला आहे तसाच. वहिनीकडून कळलं की तुझं दुकान चालू आहे, शिलाई मशिनींना मरण नाही आणि पायाचा नवा कॅलिपर मांडीला चावतो. आतून मऊ कापडाची पट्टी लावून बघ.

मी फोन केला की तू तो वहिनीच्या हातात देतोस. पत्रावर नाव तुझंच आहे, हे तिला देता येणार नाही.

कामाचं सांगायचं तर, आमच्या भागातल्या गटाराच्या पाण्यात पोलिओचा विषाणू सापडला. अकरा वर्षांनी. अजून एकही मूल आजारी नाही. आमचे मोठे डॉक्टर म्हणाले, "दोनशे जणांना लागण झाली तर एखाद्याचा पाय जातो. बाकीचे धडधाकट राहून तो वाटत फिरतात. म्हणून आधी गटार बोलतं." एके काळी हा रोग शंभरावर देशांत होता. आता अगदी थोड्या ठिकाणी उरलाय, पण तिथून तो प्रवासाला निघतो, आणि डोस चुकलेलं मूल जिथे असेल तिथे मुक्काम करतो. पूर्वी तू मला चिडवायचास, "ठेंगू, हा रोग संपला की तुझी नोकरी संपली." नोकरी शाबूत आहे.

असं मूल मला माहीत होतं.

आमच्या हद्दीत एक तीन मजली इमारत आहे. वरच्या मजल्यावर शेवटच्या खोलीत एक वेल्डर राहतो. त्याची मुलगी दीड वर्षाची. तो दारातच उभा राहायचा. "दर दोन महिन्यांनी येता. नळाला तीन दिवसांनी पाणी येतं, ते बघायला कोणी येत नाही. थेंब मात्र घरपोच." त्याचं खोटं नव्हतं. मी चार वेळा गेले, समजावलं, परत आले.

आमची पद्धत तुला माहीत आहे. तोंडात दोन थेंब, मग डाव्या करंगळीला शाई, मग दारावर खडूने खूण. खूण नसेल त्या घरी पुन्हा जायचं, साहेबांना घेऊन जायचं. फेरीच्या शेवटच्या दिवशी माझ्या यादीत ते एकच घर उरलं होतं. वेल्डर कामावर होता. बायको म्हणाली, "बाई, शाई लावा आणि जा. तुमचंही भागेल, माझ्याही डोक्याचा ताप जाईल. थेंब दिलेले त्यांना कळलं तर घरात राडा होईल."

मी शाई लावली.

पुढच्या फेरीलाही थेंब न देता नुसती शाईच लावली. तिसऱ्या फेरीला मुलीने मला बघून आपणहून करंगळी पुढे केली.

गटाराचा अहवाल आला त्या सकाळी मी मोठ्या डॉक्टरांना सांगितलं. ते ओरडले नाहीत. म्हणाले, "तुमच्यासारखे आणखी किती?" मग सगळ्या याद्या नव्याने तपासल्या. आमच्याच केंद्रात अशी चौदा घरं निघाली. म्हणजे कागदावर शंभर टक्के आणि गटारात विषाणू. माझं गटप्रमुखपद काढलं. आता मी लसीची पेटी उचलते, याद्या दुसरी भरते. त्याबद्दल तक्रार नाही.

संध्याकाळी वेल्डरकडे गेले. बायकोचं नाव घेतलं नाही. म्हटलं, शाई मी लावली, थेंब दिले नाहीत, चूक माझी. तो हसला. "म्हणजे तुमचाच तुमच्या थेंबांवर भरवसा नव्हता." मग त्याने विचारलं, "पोलिओ झालेला माणूस बघितलाय तरी का तुम्ही?"

म्हटलं, माझा सख्खा भाऊ.

"मग त्याला आणा. तो सांगेल ते ऐकेन. तुमचं पुरे झालं."

दादा, आता ते लिहायला हवं, जे आठ वर्षं टाळलं. पोलिओच्या त्या सभेला मी तुला 'माझं काम बघायला चल' म्हणून नेलं. शाळेचं सभागृह भरलेलं होतं. मी तुला व्यासपीठावर बोलावलं आणि सगळ्यांसमोर खाली वाकून तुझ्या पँटचा पाय गुडघ्यापर्यंत वर केला. त्या दिवशी रांग लागली थेंबांसाठी. मी ती रांग मोजत होते आणि तू बसथांब्यावर एकटा होतास. मी आल्यावर एवढंच म्हणालास, "विचारलं असतंस तर मी हो म्हणालो असतो." नंतर तू आमच्याकडे आला नाहीस.

रांगेकडे बोट दाखवून मी स्वतःला माफ करत राहिले. वेल्डरच्या मुलीच्या बाबतीतही तसंच केलं; तिथे यादी दाखवली.

३० तारखेच्या सोमवारी पुन्हा फेरी आहे. जिना चौपन्न पायऱ्यांचा. कठडा उजवीकडे आहे, तुझ्या धडक्या पायाच्या बाजूला. दुसऱ्या मजल्यावर टेकायला जागा आहे. खोलीत आत बसायचं, दार लावायचं, मी बाहेर थांबेन. पाय दाखवायचा नाही. काय बोलायचं, बोलायचं की नाही, ते तुझं तू ठरव. मुलीने थेंब घेतले नाहीत तरी तुला बोल नाही.

येशील का?

नाही म्हणायचं असेल तर तेवढाच शब्द लिही, कारण देऊ नकोस. मी सोमवारी त्या दारात उभी असेनच.

आठ वर्षं उशिरा विचारणारी,
तुझी धाकटी बहीण