वाचून दाखवले, समजले

४ ऑगस्ट

ती. दादास सा. न. वि. वि.

विशेष हे की तू मला बुडवलंस. कोर्टाच्या जिन्याखालच्या बाकावर तो तडजोडीचा कागद तू नाकाशी धरलास, दोन्ही पानं उलटलीस आणि म्हणालास, सगळं ठीक आहे, महिन्याच्या महिन्याला पोटगी येईल, कर सही. मी केली. तिसरीत शाळा सुटलेली मी, हे पत्रही मुलीकडून लिहून घेतेय, आणि तू छापखान्यात शिकलेल्यांच्या चुका काढणारा!

त्या दिवशी चेक मिळाला तो मला पहिला हप्ता वाटला. पुढे तीन महिने काहीच नाही. मुलीच्या बापाला विचारायला गेले तर म्हणाला, कागद वाच. मग मी वकीलबाई गाठल्या, त्यांनी तो वाचून सांगितला. एकदाच रक्कम घेतली, यापुढे स्वतःसाठी कधी काही मागणार नाही, असं मी म्हणे लिहून दिलंय. मुलीच्या पोटगीचा हक्क मला सोडताच येत नाही, म्हणून तेवढा वाचला.

इस्पितळाच्या धुलाईघरात चादरींना इस्त्री करून माझं मनगट गेलंय. डॉक्टर म्हणतात काम सोड. सोडून खाऊ काय?

तडजोडीला आव्हान देता येतं. पण मला काहीच समजलं नव्हतं हे दाखवावं लागेल. आणि कागदाच्या तळाशी आहे, वाचून दाखवले, समजले. खाली तुझी सही. दादा, तू वाचलंस काय नेमकं?

वहिनीला नमस्कार. राग आहे, पण माया तुटलेली नाही.

तुझी भिंगरी

११ ऑगस्ट

चि. भिंगरीस अनेक आशीर्वाद.

अक्षर पाहून ओळखलं असशील, मी सांगतोय आणि तुझी वहिनी लिहितेय. मधेच ती मला टाकून बोलतेय, ते लिहीत नाही.

मी काहीच वाचलं नाही. दोन वर्षं झाली, अक्षरं मधोमध पुसल्यासारखी दिसतात. चष्म्याने भागत नाही. तपासायची मुद्रितं मी घरी आणतो, वहिनी अक्षर न् अक्षर वाचते, मी चुका सांगतो, ती खुणा करते. मालकाला वाटतं मीच तपासतो. त्या दिवशी वहिनी सोबत नव्हती. तुझ्या नवऱ्याचा वकील जे तोंडी बोलला तेच मी तुला वाचल्यासारखं सांगितलं. दिसत नाही म्हणायची लाज वाटली. तुझ्यासमोर तर जास्तच.

हे शपथेवर सांगितलं तर मालकाच्या कानावर जाणारच. मग मला कोण ठेवेल? म्हणून विचार करायला वेळ दे. मनगटाला शेक घेत जा. लोभ होता तसा ठेव.

तुझा दादा

१४ ऑगस्ट

ती. दादास सा. न. वि. वि.

पत्र मुलीने वाचून दाखवलं. मी दोनदा वाचायला लावलं, आता अशी सवयच लावून घेतलीय.

गेल्या खेपेला तू चहात साखर समजून मीठ घातलंस आणि मी सगळ्यांसमोर तुला वेंधळा म्हणाले. ते मागे घेते. बाकीचं घेत नाही. लाज तुला वाटली आणि सही माझी गेली.

वकीलबाईंना तुझ्या डोळ्यांचं सांगितलेलं नाही. सांगितलं तर अर्ज भक्कम होईल, त्यांचा एकच धोशा आहे, भावाने असं का केलं? मी विषय बदलते. तुझी नोकरी मोडून माझी पोटगी आणायची, हे मला एकटीला ठरवता येत नाही. पण तू गप्प राहिलास तर कोर्टात मी खोटारडी ठरेन, तेही तुझ्या सहीने. दोघांपैकी एकाचं जाणार आहे दादा. मला भांडायचाही कंटाळा आलाय. इतकी वर्षं कोर्टाचे जिने चढले, आता गुडघेही वैतागलेत.

अर्जाची तारीख सत्तावीसची आहे. तुझं शपथपत्र त्याआधी करावं लागेल. वकीलबाई ते तुला मोठ्याने वाचून दाखवतील आणि मी शेजारी बसेन. येणार असशील तर हो लिही, नसशील तर नाही. मी नात्याला काडी लावणार नाही, पण पुन्हा विचारणारही नाही.

वहिनीकडून लिहून घेऊ नकोस. तुझ्या हाताने लिही, पानभर एकच अक्षर मावलं तरी चालेल. वीस तारखेच्या आत उत्तर पाहिजे.

तुझी भिंगरी