टॉकीजच्या उतारावरची पंगत

शनिवार, १२ मे १९८४

दादाच्या मुलीचं लग्न लागलं एकदाचं. आणि हॉल कुठला, तर प्रताप नगरातली ती बंद पडलेली टॉकीज! मधे खताचं गोदाम होतं, आता झालरी टांगून मंगल कार्यालय झालं. भिंतींना अजून खताचा वास, त्यावर अत्तर शिंपडलेलं. शी! खुर्च्या उपटल्या, पण जमिनीचा उतार तसाच ठेवला.

वरच्या टोकाला वरपक्षाची पंगत, खाली पडद्याच्या भिंतीशी आमची. वर कढी सांडली की ओघळ थेट आमच्या पत्रावळींशी. मालकाला तो उतार दाखवला, तर म्हणतो, "काहून चिडून राहिल्या बाई? पंखे तर नवे लावले!" मूर्ख मेला. उताराला पंखा काय करणार?

मग दादाला म्हटलं, तू तरी बोल, मुलीचा बाप आहेस. भिजलेलं धोतर सावरत तो हसला. "जाऊ दे वं, आपण पोरीवाले." आणि हात जोडून चढ चढत गेला, व्याह्यांना जिलबीचा आग्रह करायला.

मालकावर उगाच तोंड वाजवलं मी. जमीन सपाट असती, तरी दादा खालीच बसला असता.