यॉपनच्या जाळीतल्या सात फांद्या

कॅडी ब्लफ, जॉर्जिया
१४ ऑगस्ट १९८४

चि. डेलफीन हिस,
अ. आ. इकडे जेमतेम ठीक आहे. तू तिकडे कॉलेजात तुझ्या वाळवलेल्या झाडांत सुखी असशील.

गेल्या सोमवारी सकाळी प्रार्थना आटोपून मी खाडीकाठच्या यॉपनच्या जाळीत चहासाठी पाला काढायला गेलो. चष्मा टेबलावरच राहिला. परत फिरलो नाही. फांदी कापायची, शेंडा डाव्या मुठीत धरायचा आणि उजव्या मुठीने पाला सर्रकन ओरबाडून पोत्यात टाकायचा. तुझ्या आजोबांनी शिकवलेलं काम, ते डोळे मिटूनही जमतं असा माझा ताठा. पाला भाजला, कुटला. होमकमिंगच्या रविवारी, म्हणजे बाहेर गेलेले गावकरी वर्षातून एकदा परततात तेव्हा, डेट्रॉइट-शिकागोहून आलेल्या मंडळींसकट, चर्चच्या अंगणात सगळ्यांना नेहमीप्रमाणे माझाच चहा.

संध्याकाळपर्यंत अकरा माणसं ओकून आडवी झाली. देवाची कृपा, दोन दिवसांत सगळी उठून बसली. पण ठपका आला ऑगस्टामावशींच्या बटाट्याच्या सॅलडवर. अंडी उन्हात राहिली म्हणे. चाळीस वर्षं ते सॅलड त्या टेबलावर आहे. जेवणाची व्यवस्था बघणाऱ्या बर्निसने सगळ्यांदेखत त्यांना सुचवलं की मावशी, पुढच्या वर्षी तुम्ही नुसत्या कागदी बशा आणा. मावशी हसल्या, आपलं भांडं रुमालाखाली झाकून घरी गेल्या.

आता फक्त तुला सांगतो. मी सॅलड खाल्लंच नव्हतं. चहा मात्र दोन कप प्यायलो, आणि परसात मीही ओकलो. कोणी पाहिलं नाही. उरलेला चहाचा चुरा सोबत पाठवतो. यात यॉपनखेरीज काही आहे का, ते तुझी भिंगं लावून सांग. तोवर मला प्रार्थनेला गुडघे टेकले तरी शब्द सुचत नाहीत.

माया आहे तशी राहू दे.
तुझा अमोसकाका

अथेन्स, जॉर्जिया
२२ ऑगस्ट १९८४

ती. अमोसकाकांस,
सा. न. पत्र आणि चहाची पुडी मिळाली.

काका, बायबलातलं शुद्ध-अशुद्धाच्या नियमांचं अख्खं लेवीय पुस्तक तोंडपाठ असलेला माणूस असा पुरावा पाठवतो? भाजून कुटलेल्या चुऱ्यावरून झाड ओळखणं म्हणजे राखेवरून लाकूड ओळखणं. आमच्या सरांनीही हात टेकले. मला फांदी हवी, पानांसकट.

माझा संशय प्रिव्हेटवर आहे. लोकांनी कुंपणाला लावलेलं ते चिनी झुडूप आता पाखरांच्या विष्ठेतून खाडीपर्यंत पोचलंय. पानं तेवढीच, हिरवीही तशीच, पण नातं लांबचंसुद्धा नाही. यॉपन ‘होली’ नावाच्या सदाहरित झुडपाच्या कुळातलं, प्रिव्हेट ऑलिव्हच्या. आता चष्मा लावून जा. यॉपनची पानं फांदीवर एक इकडे, एक तिकडे, पायऱ्यांसारखी चढतात, आणि कडेवरून नख फिरवलं तर बारीक दाते लागतात. प्रिव्हेटची पानं समोरासमोर, जोडीजोडीने, कड गुळगुळीत. ते पोटात गेलं तर उलट्या होतात. तुमच्या त्या ओरबाडण्यात नेमकी ओळखच मोडते, कारण पानं कशी बसली होती ते मुठीत कळत नाही.

एक गंमत सांगते. यॉपनच्या शास्त्रीय नावाचाच अर्थ ‘ओकवणारी’. इथले मूळ रहिवासी विधीच्या वेळी ते पिऊन ओकत, ते परक्यांनी पाहिलं आणि दोष पानाला दिला. पान निर्दोष आहे. दोनशे वर्षं झाली, नाव काही बदललं नाही.

काका, घाई करू नका. सॅलडही बिघडलेलं असू शकतं. चर्चमध्ये तुम्ही डीकन आहात, पाद्रीबाबांचा उजवा हात. एकदा तुमच्या चहावरचा विश्वास उडाला की तो परत यायचा नाही, आणि गावात हा चहा करणारं आपलंच घर उरलंय. फांद्या पाठवा, मी खात्रीने सांगेन, मग ठरवा.

काळजी लागली आहे, चार ओळी लगेच लिहा.
तुमची डेलफीन

कॅडी ब्लफ
३ सप्टेंबर १९८४

चि. डेलफीन हिस,
अ. आ. फांद्या वर्तमानपत्रात दाबून सोबत ठेवल्या आहेत. तुझ्या खात्रीसाठी थांबलो मात्र नाही.

शनिवारी चष्मा लावून गेलो. जाळी बाहेरून आपली, आत निम्मी परकी. यॉपनच्या पोटातून प्रिव्हेट वर आलंय. माझा चाकू डावीकडे उतरता काप मारतो, तो मला कुठेही ओळखू येतो. यॉपनवर तसे काप होते. प्रिव्हेटवरही होते. मोजले, सात. नख फिरवून पाहिलं, कड गुळगुळीत. पुन्हा पुन्हा फिरवलं, दाते लागतील या आशेने.

तू लिहिलंस ते सगळं खरं आहे, चहाचं आणि घराचं. पण या तीन आठवड्यांत मावशी भजनाला उभ्या राहिल्या नाहीत. खाली बसून ओठ हलवत होत्या.

काल चर्चमध्ये साक्षीच्या वेळी, जो तो उभं राहून मनातलं सांगतो तेव्हा, मी उठलो. म्हटलं, सॅलडमध्ये काही नव्हतं, विष माझ्या चहात होतं, आणि मला पहिल्या संध्याकाळपासून संशय होता. लोकांच्या हातातले पंखे हलायचे थांबले. बर्निस खाली बघत राहिली. मागून कोणीतरी कुजबुजलं की डीकनच असा, तर मग भरवसा कोणाचा. ते बरोबरच आहे. डीकनपणाची फीत मी पाद्रीबाबांच्या हाती दिली, त्यांनी ती घेतली.

मावशी वळल्या नाहीत. समोर बघतच त्यांनी विचारलं की अमोस, तीन रविवार हे माझ्या डोक्यावर होतं, तेव्हा तू कुठे बसला होतास?

मी सांगितलं, तुमच्या मागच्याच बाकावर.

तुझा लोभ उणा होऊ देऊ नकोस.
अमोसकाका